पाच पदरी दोर

वेर्बोवे, पेरेमिशल किल्ल्याजवळ
१२ जून १९१५

लुक्या,

देवाचं नाव आधी, मग तुझं. आणि मधल्या मधे जो सरकारी माणूस हे पाकीट फोडून वाचतोय त्यालाही रामराम नाही तर निदान नमस्कार. बाबा रे, डोळ्यांना जप. मी बोलतेय आणि आमचा ओनुफ्री लिहितोय. चाळीस वर्षं चर्चमध्ये स्तोत्रं गाऊन त्याचा घसा गेला, हात शाबूत आहे, पण अक्षर म्हणजे कोंबडी चिखलातून गेल्यासारखं.

मी जिवंत आहे. घर नाही. चर्च नाही, घंटा नाही, गावच नाही. वेर्बोवेत उभं असं काय उरलंय म्हणशील, तर आपल्या दारचा अक्रोड आणि मी. दोघंही वाकडे. मी बटाट्याच्या तळघरात राहते. ओनुफ्री पाद्रीबाबांच्या मधमाश्यांच्या खोपटात. माश्या मेल्या, तो उरला.

घर कसं गेलं ते ऐक.

(इथे चार ओळींवर काळी शाई फासलेली आहे.)

किल्ल्याचं तुला ठाऊकच असेल. सहा महिने वेढा, मग मार्चमध्ये आपल्याच, ऑस्ट्रियाच्या बादशहाच्या लोकांनी तो सुरुंग लावून उडवला आणि रशियनांच्या ताब्यात दिला. आता परत जिंकलाय म्हणतात. भोकं तीच, झेंडा नवा. वेढ्यात आतल्यांनी घोडे मारून खाल्ले, त्यांची हाडं आमच्या ओढ्यात येऊन पडलीत. वारा फिरला की घास घशाखाली उतरत नाही. उतरवायला घास असतो असं नाही, पण असला तरी.

तुझा बाप गेला. हिवाळ्यात. कॉलरा. जास्त विचारू नकोस, कॉलऱ्यात सांगण्यासारखं काही नसतं.

तू जेवतोस ना?

तुझी आजी तेक्ला


व्हिएन्ना
२५ जून १९१५

प्रिय आजी,

पत्र मिळालं. बाबांना शेवटचं पाहायलाही मिळालं नाही. घंटेचा दोर ओढताना त्यांचे पाय जमिनीवरून उचलले जायचे आणि मी हसायचो, तेवढंच डोळ्यांसमोर येतं.

घराबद्दलच्या ओळी काळ्या केल्या आहेत, पण मला समजलं. रशियन कसे असतात ते इथे रोज छापून येतं.

आजी, मला बंदूक दिलेली नाही, त्यामुळे काळजी करू नकोस. ल्विव्हच्या सिनेमागृहात मी पडद्यावर चित्रं पाडायचो ना, त्यामुळे सैन्याच्या चित्रपट पथकात घेतलं. युद्धावर खरीखुरी चित्रं काढतात, ती मी कापून जोडतो. मधे मधे पाट्या येतात, म्हणजे काळ्या फळ्यावर पांढऱ्या रंगाने लिहिलेला मजकूर. त्या मी लिहितो. जर्मन आणि पोलिश लिहिणारे खूप आहेत. आपली रुथेनियन भाषा येणारा मी एकटा. आपल्या भागातली हजारो माणसं निर्वासित छावण्यांत आहेत, त्यांना आपल्या भाषेतल्या पाट्या लागतात.

आता पेरेमिशलच्या अवशेषांवर चित्रपट करायचा आहे. आमचे कॅप्टन विंडहोफर स्वतः तिकडे येतायत. मी त्यांना वेर्बोवेचं नाव सांगितलं. आजी, त्यांना सगळं दाखव. शत्रूने काय केलं ते जगाला दिसू दे. बाबांसाठी मला एवढंच करता येतं.

तुझा लुक्यान


वेर्बोवे
१० जुलै १९१५

लुक्या,

तुझे कॅप्टन आले. गेले. अजून नाकात वास आहे.

दोन गाड्या, सात माणसं. कॅप्टन उंच, गोरा, हातात अत्तर लावलेला रुमाल, तो नाकापासून हलेना. मनात म्हटलं, बरोबर आहे, आम्ही धुवून ठेवायला हवं होतं. सोबत एक पोलिश हवालदार दुभाष्या. आणि एक जाडा, तीन पायांच्या पेटीची मूठ फिरवणारा, पाद्रीबाबांच्या बायकोसारखा घामाघूम.

आधी ते नाराज झाले. का, तर धूर नाही. "अवशेषांमधून धूर निघायला हवा," कॅप्टन म्हणतो. इतक्या महिन्यांनी कसला धूर! मग त्यांनी डांबरी कागद जाळला. आमच्या चुलीच्या जागी. काय तो वास! मग ओढ्यातली घोड्यांची हाडं शिपायांकडून ओढून आणली आणि चर्चच्या पायरीवर मांडली, ताटात वाढल्यासारखी. एक कवटी डावीकडे बघत होती, ती कॅप्टनने स्वतः बुटाने उजवीकडे फिरवली. मग दोघा शिपायांना रशियन कोट चढवून मेल्यासारखं पडायला लावलं. त्यातला एक मुंग्यांच्या वारुळावर पडला. मढं ओरडत उठलं. तेवढंच काय ते मला आवडलं.

मग माझी पाळी.

"आजीबाई, रडा," हवालदार म्हणाला.

"कशासाठी?"

"घरासाठी."

"घरासाठी रडून झालं. तुम्हाला उशीर झाला."

कॅप्टनने काहीतरी सांगितलं. हवालदाराने खिशातून कांदा काढला, चिरला आणि म्हणतो, "डोळ्यांना लावा."

"तुमच्या गावात कांदा डोळ्यांनी खातात?" असं म्हणून मी तो खाल्ला. मीठ मागितलं, तेही दिलं त्याने, पोरगा वाईट नव्हता. जाडा मूठ फिरवतच होता. मेला, माझ्या जबड्याचंच चित्र घेत बसला असेल. आहेतच किती दात त्यात.

झाडाचंही चित्र घेतलं. मग कॅप्टनचं लक्ष अक्रोडांकडे गेलं. हिरवे, कोवळे, सुई आरपार जाईल असे. संत योहानच्या सणाच्या सुमाराचे. त्यांची दारू फार छान होते म्हणे. एका शिपायाला झाडावर चढवलं आणि टोपी भरून काढून घेतले. मी म्हटलं, "घ्या, साहेब, घ्या. आणखी घ्या."

यालाच तू खरीखुरी चित्रं म्हणतोस होय? कार्ट्या, बापाने तुला घंटा ओढायला शिकवायला हवं होतं.

अंगावर लोकर आहे का नाही ते कळव.

आजी


व्हिएन्ना
२८ जुलै १९१५

प्रिय आजी,

मी तुला पाहिलं. पांढऱ्या भिंतीवर, माझ्या दुप्पट मोठी, कांदा खाताना. अंधार होता म्हणून बरं, आधी हसू आलं आणि मग दुसरंच. कॅप्टन त्यावर पाटी लावणार आहेत: "शत्रूने लादलेली भूक."

धुराचं आणि हाडांचं वाचून लाज वाटली. इथे म्हणतात की सगळेच तसं करतात. जे घडलं ते खरंच आहे, चित्र नीट दिसावं म्हणून फक्त थोडं सरकवायचं. मीही तसंच म्हणत होतो.

पण आजी, एक विचारायचं आहे. अक्रोडाचं चित्र आहे. आडव्या फांदीला दोराचा तुकडा बांधलेला आहे, हातभर. त्यावर ही पाटी लावायची आहे: "येथे रशियनांनी एका निष्ठावान शेतकऱ्याला फाशी दिली." तिन्ही भाषांत, मीच लिहायची.

मी तो तुकडा भिंगाखाली पाहिला. तो पाच पदरी आहे, आजी. बाजारचा दोर तीन पदरांचा असतो. पाच पदरांची वेणी नवरीची घालतात, आणि आपल्या गावात ती तूच घालायचीस. दोराची तशी वेणी तू एकदाच घातलीस, घंटेसाठी. ओढताना बाबांच्या तळहातांना फोड यायचे म्हणून.

घंटेचा दोर आपल्या अक्रोडावर कसा? कोणाला फाशी दिली? तू काहीच कसं लिहिलं नाहीस?

लुक्यान


वेर्बोवे
८ ऑगस्ट १९१५

लुक्या,

दोर घंटेचाच आहे. घंटाघर उडवलं तेव्हा उडून झाडावर अडकला असेल. वारा होता. फाशीबिशी मला काही माहीत नाही, म्हातारीला कोण सांगतंय.

तुला मोठ्या शहरात भिंगं मिळाली म्हणून झाडावरच्या चिंध्या बघत बसू नकोस. साहेब सांगतील ते लिही आणि जेव.

आजी

(त्यांनी सांगितलं तसंच लिहिलंय. माझं मत कोणी विचारलं नाही. ओनुफ्री.)


व्हिएन्ना
२१ ऑगस्ट १९१५

आजी,

वारा दोर उडवेल, पण वारा गाठ मारत नाही. फांदीभोवती दोन फेरे आहेत आणि वर गाठ.

आयुष्यभर तू मला टोमणे मारलेस, खोटं कधी बोलली नाहीस. आता बोलतेयस, म्हणून मला भीती वाटते.

काल चित्रपटाची जोडणी संपली म्हणून कॅप्टनने सगळ्यांना बोलावलं. त्यांच्या घरी बनवलेली अक्रोडाची दारू होती. मला जवळ बोलावून म्हणाले, "घे, तुझ्याच गावची आहे." काळपट, कडसर, वर लवंगेचा वास. मी दोन पेले घेतले. मला घरची आठवण आली आणि बरं वाटलं.

पाट्या सप्टेंबरच्या मध्यापर्यंत द्यायच्या आहेत. खरं कळव, नाहीतर रजा काढून येतो.

लुक्यान


वेर्बोवे
३० ऑगस्ट १९१५

लुक्या,

हे टपालाने येत नाही. पिसं विकणारी फ्रीमा तुला ठाऊक आहे. ती तिच्या मुलीला बघायला व्हिएन्नाला चाललीय. तिच्याकडे तुझ्यासाठी उशी दिलीय आणि उशीत हे पत्र. वाचून जाळ. ओनुफ्रीने लेखणी खाली ठेवली होती, मी त्याला म्हटलं, आता नाही लिहिलंस तर थडग्यात जाऊन लिहिशील का?

तुझा बाप कॉलऱ्याने गेला नाही.

गेल्या सप्टेंबरातली गोष्ट. रशियन अजून दूर होते. किल्ल्याभोवती आपलं सैन्य मातलेलं होतं, पोलिसही नवे, दूर कुठून आणलेले, त्यांना ना आपली बोली कळे ना आपलं गाव. दुपारी पश्चिमेकडून ढग आला. जांभळा, पोटाखाली पांढरा. गारांचा. कुट्टूचं पीक शेतात उभं होतं. तुझ्या बापाने काय केलं असेल? त्याच्या बापाने केलं तेच. धावत जाऊन घंटा वाजवायला लागला, ढग फोडायला. हे शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. ढग फुटला, लुक्या. गारा नदीपलीकडे पडल्या. आणि आमच्याकडे पोलिस आले.

"कोणाला खूण करत होतास?"

"ढगाला, साहेब," माझा प्रोकिप म्हणाला.

त्यांना वाटलं थट्टा करतोय. अधिकाऱ्याने पुन्हा विचारलं. तो पुन्हा म्हणाला, "ढगाला. गारा पडणार होत्या." माझाच पोर, माझंच तोंड. वाकडं बोलणं त्याला माझ्याकडून आलं आणि त्या दिवशी तो सरळ बोलत होता. रशियनांना खूण केली असं ठरलं. घटकाभरसुद्धा वेळ लागला नाही. त्यांच्याकडे दोर नव्हता, म्हणून घंटेचा कापून आणला. मी घातलेली वेणी, कारण त्याच्या हातांना फोड येत होते.

संध्याकाळी शिपाई आले आणि खालच्या दोराचे तुकडे कापून खिशात घालून गेले. फाशीच्या दोराने नशीब उघडतं म्हणे. वरचा हातभर कोणाच्या हाताला लागला नाही म्हणून राहिला. तुझ्या त्या जाड्यालाही हवा होता. कॅप्टन म्हणाला, नको, चित्रात हवाय.

चर्चच्या आवारात पुरू दिला नाही. झाडाखालीच पुरला. ओनुफ्रीने हळू आवाजात गायलं.

दहा दिवसांनी सुरुंगवाले आले, तेही आपलेच. किल्ल्यावरच्या तोफांना समोर मोकळं मैदान हवं होतं. अर्ध्या दिवसात बाहेर पडा म्हणाले आणि गाव पेटवलं, चर्च उडवलं, झाडं तोडली. अक्रोड ठेवला. एकटं झाड लांबून दिसतं, तोफेचं अंतर मोजायला खूण म्हणून बरं. तुझ्या बापाच्या झाडावर नेम धरून त्यांनी सहा महिने तोफा डागल्या. त्यातला एकही गोळा झाडाला लागला नाही. असले ते गोलंदाज.

रशियनांनी आमचं काही केलं नाही असं नाही. एक शेळी आणि दोन घोंगड्या नेल्या. पण घर त्यांनी जाळलं नाही. ते आले तेव्हा जाळायला काही उरलंच नव्हतं.

आता मुद्द्याचं ऐक. ती पाटी लिही.

त्यांनी सांगितलीय तशीच लिही. रशियन म्हण, तुर्क म्हण, सैतान म्हण. प्रोकिपला वाचता येत नव्हतं आणि आता तर दिसतही नाही. तू नाही म्हणालास तर उद्या तुला इटलीच्या डोंगरात लढायला पाठवतील, नाहीतर तुझ्यासाठीही एक झाड शोधतील. हे सांगताना मलाच माझी शिसारी येते. कॅप्टन अक्रोड काढत होता, माझा पोर खाली होता, आणि मी "घ्या, साहेब" म्हणत होते. कारण तू त्याच्या हाताखाली आहेस. त्या दिवसापासून तोंडाची चव गेलीय. पण माझ्याकडे माणूस एकच उरलाय. खोटं लिही आणि जिवंत राहा.

उशी नीट वापर, पिसं हंसाची आहेत.

आजी


एका बरॅकीतून
१४ ऑक्टोबर १९१५

आजी,

हे पत्र परत येताना फ्रीमाच आणेल.

उशी उसवून पत्र वाचलं. ती दारू पिऊन पंधरा दिवस झाले होते, तरी मी ओकलो. मोरीत बसून दिवसभर ओकत होतो. शेजारचा म्हणाला, "मासळी नासकी होती का?" मी म्हटलं, "हो."

दुसऱ्या दिवशी पाट्या लिहायला बसलो. जर्मन पाटी कॅप्टनने सांगितली तशी लिहिली. पोलिशही. हात चालत होता, जणू दुसऱ्याचा आहे. मग रुथेनियन पाटीचा काळा फळा पुढे घेतला. आमच्या खात्यात ती वाचू शकणारा मी एकटा. आजी, तू सांगितलंस खोटं लिही. मी खूप प्रयत्न केला. ब्रश बुडवला, वाळला, पुन्हा बुडवला.

मी लिहिलं:

"वेर्बोवेचा घंटेकरी प्रोकिप. गारांच्या ढगावर घंटा वाजवली म्हणून आपल्याच लोकांनी याच झाडावर फाशी दिली."

कॅप्टनने फळा पाहिला, अक्षर सुंदर आहे म्हणाले, आणि चित्र घ्यायला पाठवला.

पहिला खेळ आपल्या निर्वासितांच्या छावणीत झाला. मला चित्रं पाडायला नेलं होतं. लाकडी मंडप, सहाशे माणसं, ओल्या मेंढीच्या कातड्यांचा वास. तू कांदा खाल्लास तेव्हा सगळी हसली. मग झाड आलं. मग पाटी. ज्यांना वाचता येत होतं ते शेजाऱ्यांना वाचून दाखवत होते, कुजबूज मागे मागे सरकत गेली. मग एका म्हाताऱ्याने टोपी काढली आणि उभा राहिला. मग सगळे. सहाशे माणसं उभी, आजी. कोणीतरी हळू आवाजात मृतांचं गाणं सुरू केलं.

कॅप्टनचे डोळे भरून आले. माझ्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले, "बघ, आपल्या बादशहावर या लोकांचं केवढं प्रेम आहे." तीन छावण्यांत तसंच झालं. तिन्ही वेळा ते रुमाल डोळ्यांना लावत होते. कांद्याशिवाय.

चौथ्या ठिकाणी एक लष्करी पाद्री होता, त्याला आपली भाषा येत होती.

मला न्यायालयात उभं केलं नाही. तिथे ती पाटी मोठ्याने वाचावी लागली असती, आणि तीन वेळा डोळे कोणी पुसले तेही निघालं असतं. चित्रपटातला तो तुकडा कापून जाळला आणि मला इटलीच्या डोंगरातल्या तुकडीत घातलं. उद्या निघतोय. तुझं ऐकलं नाही, त्याबद्दल माफ कर. ते लिहिल्याबद्दल मागणार नाही.

बूट दिलेत, पण बांधायच्या वाद्या कागदाच्या आहेत. कागद वळून केलेल्या, सैन्यात सध्या तशाच मिळतात. काल पाऊस झाला, त्यांचा लगदा झाला.

लुक्यान


वेर्बोवे
९ नोव्हेंबर १९१५

लुक्या,

गाढवा. गाढवाच्या नातवा. तुला जन्मभर सांगितलं तोंड मिटून बस, आणि तू भिंतीएवढं उघडलंस.

ओनुफ्रीकडून तुझं पत्र सात वेळा वाचून घेतलं. सातव्यांदा त्याचा आवाज फुटला, मेला स्तोत्रातही एवढा सुरात नव्हता कधी. एका जागी त्याला म्हटलं, पुन्हा वाच, कोण उभं राहिलं? किती जण? पुन्हा वाच. मग मी बाहेर गेले आणि तुला मोठ्याने शिव्या दिल्या. झाडाखाली उभी राहून, म्हणजे तुझ्या बापालाही कळावं कसलं पोर आहे ते.

छावण्यांतून लोक परतायला लागलेत. कालच कुण्या परगावचा एक जण वाट वाकडी करून आला. "हेच का ते झाड?" म्हणतो. मी म्हटलं, "झाड आहे, बघ." त्याने टोपी काढली. मला वाटलं आता हाही अक्रोड मागणार. नाही मागितले. यंदा खूप आलेत, सगळे पिकून खाली पडलेत, मी एकालाही हात लावला नाही. खारींनी नेले तेवढे नेले. खारींना माफ आहे.

आता पाकीट फोडून वाचणाऱ्या सरकारी बाबा, इकडे लक्ष दे. यात दोन वाद्या आहेत. बुटाच्या. नुसत्या वाद्या, त्यात काही गुपित नाही, त्यांना काळी शाई फासू नकोस.

लुक्या, कागदाच्या वाद्या घालून डोंगरात पाठवणाऱ्या सैन्याबद्दल मला जे वाटतं ते ओनुफ्री लिहायला तयार नाही. म्हणून काम केलं. त्याला झाडावर चढवला. सदुसष्ट वर्षांचा माणूस, शिव्या देत चढला, रडत उतरला. मग मी चुलीपाशी बसून पाच पदर उलगडले. ताग चांगला आहे, मीच कातलेला, सडला नाही. त्याच्या दोन वाद्या वळल्या, मेण लावलं. पावसात लगदा होणार नाही. ओढून बघ, तुटणार नाहीत. ते मला ठाऊक आहे.

गळ्यात नाही, पायात. घट्ट बांध, आणि त्याच पायांनी चालत घरी ये. आल्यावर मारणार आहे.

तेक्ला